वाऱ्याचे लेखनिक

वारा लिहून ठेवण्याचे काम मुंबई इलाख्यात पगारी चाकरी झाली ती १८४० च्या दशकात, कुलाब्याच्या वेधशाळेत. वाऱ्याचे जाणकार त्याआधीही गावोगाव होते, पण ते लिहीत नसत. खळ्यावर बाजरी उफणायला उभा राहिलेला शेतकरी सूप उचलण्यापूर्वी मूठभर भूस उडवून वाऱ्याचा कल पाही आणि तिवई त्याप्रमाणे फिरवून घेई. होळीचा धूर कोणत्या बाजूला झुकतो यावरून पावसाचा अंदाज बांधण्याची रीत होती; सहदेव-भाडळीच्या नावावर चालणारे ठोकताळे तोंडपाठ असलेली माणसे होती. कोकणातला खलाशी पहाटेच्या मतलई वाऱ्यावर गलबत बाहेर काढी आणि दुपारच्या खाऱ्या वाऱ्यावर परत आणी. हे ज्ञान पक्के होते, मात्र ते त्या त्या माणसाबरोबर जाई. अमुक सालच्या ज्येष्ठात वारा किती दिवस पश्चिमेचा होता, हा प्रश्न कोणाला पडत नसे, आणि पडला असता तरी उत्तर देणारा कागद कुठेच नव्हता.

कागद होता तो जहाजांवर. शिडाच्या जहाजाचा कप्तान रोजनिशीत वाऱ्याची दिशा आणि जोर लिहीच, कारण प्रवास किती दिवसांचा होणार हे त्यावर ठरे. अडचण शब्दांची होती. एका कप्तानाची ‘मंद झुळूक’ दुसऱ्याच्या लेखी ‘बरा वारा’ असे. ब्रिटिश नौदलातील अधिकारी फ्रान्सिस ब्यूफर्ट यांनी १८०५ च्या सुमारास स्वतःच्या रोजनिशीसाठी यावर तोड काढली आणि वाऱ्याचा जोर आकड्यात लिहायला सुरुवात केली. पुढे ० ते १२ अशी ठरलेली ही श्रेणी १८३८ मध्ये नौदलाने सक्तीची केली. तिच्यात वाऱ्याचा वेग कुठेच नव्हता. जहाजावर किती शिडे उभारता येतात आणि कोणती उतरवावी लागतात, यावर मुख्यतः आकडा ठरे. अशाच रोजनिश्या जमवून कोलकात्यात हेन्री पिडिंग्टन यांनी बंगालच्या उपसागरातली वादळे अभ्यासली. एकाच दिवशी वेगवेगळ्या जहाजांनी लिहिलेल्या दिशा नकाशावर मांडल्या की वारा एका मध्याभोवती फिरताना दिसे. अशा वादळांना त्यांनी १८४८ मध्ये ‘सायक्लोन’ हे नाव दिले. एका जहाजाची नोंद एकटी असेपर्यंत मुकी राहते आणि दहा जहाजांच्या नोंदी एका कागदावर आल्या की वादळाचा आकार सांगतात, हे हिंदुस्थानच्या किनाऱ्यावर इतके स्पष्टपणे प्रथम पिडिंग्टन यांच्याच कामात दिसले.

कुलाब्याची वेधशाळा ईस्ट इंडिया कंपनीने १८२६ मध्ये उभारली ती खगोलवेधांसाठी आणि बंदरातल्या जहाजांना अचूक वेळ देण्यासाठी. १८४१ पासून तिथे भूचुंबकत्वाचे आणि हवामानाचे नियमित वेध सुरू झाले. पृथ्वीचे चुंबकत्व ठरलेल्या वेळी जगभर एकदम मोजण्याची मोठी मोहीम तेव्हा युरोपातून चालली होती आणि मुंबई तिच्यातले एक ठाणे होते. तापमान, वायुदाब, वारा ही चुंबकत्वाच्या सोबतीने वहीत आलेली मंडळी. वेधशाळेची जबाबदारी एल्फिन्स्टन संस्थेतले प्राध्यापक आर्थर बेडफर्ड ऑर्लेबार यांच्याकडे होती, आणि त्यांच्या हाताखाली अलिबागजवळच्या नागावचे केरो लक्ष्मण ऊर्फ केरूनाना छत्रे वयाच्या पंधराव्या वर्षाच्या सुमारास मदतनीस म्हणून लागले. केरूनाना इतिहासात राहिले ते गणिताचे प्राध्यापक, ‘ग्रहसाधनाची कोष्टके’चे कर्ते आणि टिळकांचे गुरू म्हणून. त्यांच्या तरुणपणाची सुमारे दहा वर्षे मात्र कुलाब्याच्या टोकावर घड्याळाकडे पाहून आकडे उतरवण्यात गेली. वाऱ्याच्या पगारी लेखनिकांत नाव टिकून राहिलेला हा पहिला मराठी माणूस म्हणायला हरकत नाही.

काम दिसायला सोपे होते. घड्याळाचा ठोका पडला की यंत्राकडे जायचे, आकडा वाचायचा, लिहायचा, पुढच्या ठोक्याची वाट पाहायची. रात्रीही चुकवायचे नाही. या वह्यांवरून सरकारी खर्चाने जाडजूड खंड छापले गेले. त्यांतली पाने आज उघडली तर आकड्यांखेरीज काही दिसत नाही, पण १८७० च्या दशकात चार्ल्स चेंबर्स आणि फ्रेडरिक चेंबर्स यांनी त्याच आकड्यांतून मुंबईचा वारा दिवसभरात कसा वळतो आणि ऋतूंप्रमाणे कसा पालटतो याचे चित्र उभे केले. चार्ल्स यांचा मुंबई इलाख्याच्या हवामानावरचा ग्रंथ १८७८ चा. १८९६ मध्ये नानाभाई अर्देशिर फ्रामजी मूस वेधशाळेचे प्रमुख झाले. त्या जागी बसलेले ते पहिले हिंदी संचालक मानले जातात.

देशभर एकाच पद्धतीने वारा लिहायला लावले ते संकटांनी. १८६४ मध्ये चक्रीवादळाने कोलकाता उद्ध्वस्त केले. १८६६ आणि १८७१ मध्ये पाऊस फसला. त्यानंतर १८७५ मध्ये भारतीय हवामान विभाग स्थापन झाला आणि हेन्री ब्लॅनफर्ड त्याचे पहिले प्रमुख झाले. लगेच १८७६ ते ७८ चा दुष्काळ दख्खनवर कोसळला, त्यामुळे पावसाचा अंदाज हा नव्या खात्यासाठी अभ्यासाचा छंद उरला नाही. ब्लॅनफर्ड यांच्यापुढची पहिली अडचण मात्र अंदाजाची नव्हती. प्रांतोप्रांती यंत्रे वेगळी, ती बसवण्याची उंची वेगळी, वाचनाच्या वेळा वेगळ्या; अशा नोंदी एकमेकींशी जुळवायच्या कशा? म्हणून यंत्र कसले, ते कुठे आणि किती वाजता वाचायचे याचे नियम आले. १८७८ पासून रोजचा हवामान अहवाल निघू लागला. तारायंत्रामुळे सकाळची नोंद त्याच दिवशी शेकडो मैलांवर पोचू लागली होती.

या जाळ्यात मोठ्या शहरांच्या वेधशाळांपेक्षा जिल्ह्यातल्या गावांतल्या छोट्या वेधशाळा संख्येने कितीतरी जास्त होत्या. नाशिक जिल्ह्यातले मालेगाव हे त्यांपैकीच एक ठाणे. गिरणा आणि मोसम यांच्या संगमावरचे, समुद्रसपाटीपासून सुमारे ४४० मीटर उंचीचे हे गाव सह्याद्रीच्या पावसाच्या छायेत येते. त्याच जिल्ह्यातल्या इगतपुरीला वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो. मालेगावला पाच-सहाशे मिलिमीटरवर भागवावे लागते. उत्तरेला गाळण्याचे डोंगर, दक्षिणेला सातमाळा आणि मध्ये पूर्वेकडे उघडत जाणारे गिरणेचे खोरे. पावसाळ्यात घाट ओलांडून आलेला पश्चिमेचा वारा इथे जोरात असतो, पण त्यातले पाणी बरेचसे मागेच सांडलेले असते. ढग पळताना दिसतात, पाऊस पडत नाही, हा कसमादे (कळवण, सटाणा, मालेगाव, देवळा) पट्ट्यातल्या प्रत्येक जुलैचा अनुभव आहे. खात्याच्या दृष्टीने नेमके हेच मोलाचे होते. मुंबईच्या नोंदीवरून खानदेशाच्या तोंडाशी वारा काय करतो ते कळत नसे. त्यासाठी तिथेच कोणीतरी उभे राहून लिहायला हवे होते.

गावात वाऱ्याची गरज असलेली माणसे वेगळी होती. १८५७ नंतरच्या काळात उत्तरेतून आलेल्या विणकरांनी मालेगावात हातमाग उभे केले, आणि विसाव्या शतकात त्यांची जागा यंत्रमागांनी घेतली. मार्च-एप्रिलमधला कोरडा वारा सुटला की सूत ठिसूळ होते, धागा वारंवार तुटतो आणि माग थांबतो. माग चालवणाऱ्याला हवेतला ओलावा बोटांना कळे. वेधशाळेतल्या ओल्या-कोरड्या तापमापकांवर तोच ओलावा आकड्यात उतरत असे, पण हे दोन्ही जाणकार एकमेकांना क्वचितच भेटत.

छोट्या वेधशाळेतला निरीक्षक बहुधा पूर्णवेळ शास्त्रज्ञ नसे. अनेक ठिकाणी शाळामास्तर, टपाल-तार खात्यातला किंवा दवाखान्यातला कर्मचारी अल्पशा मानधनावर हे काम सांभाळी. दिवसातून दोनदा वाचन घ्यायचे. आजच्या प्रमाणवेळेनुसार सकाळी साडेआठला आणि संध्याकाळी साडेपाचला. वाऱ्याकरता यंत्रे दोन. पहिले वातदिशादर्शक: फिरणारा बाण, त्याचे टोक वारा ज्या दिशेकडून येतो तिकडे वळते. वाऱ्याचे नाव तो कुठून आला यावरून पडते, कुठे चालला यावरून नव्हे. नव्या माणसाला हे अंगवळणी पडायला थोडे दिवस लागत. दुसरे वायुवेगमापक: खांबावर आडव्या दांड्यांना लावलेल्या अर्धगोल वाट्या, वाऱ्याने त्या गरगरतात आणि खालचा आकडेफलक विजेच्या मीटरसारखा पुढे सरकत राहतो. निरीक्षक फलकावरचा आकडा टिपे, तीन मिनिटे थांबे, पुन्हा टिपे. दोहोंतला फरक गुणिले वीस म्हणजे ताशी किलोमीटर. आदल्या सकाळच्या आकड्याशी आजचा ताडून चोवीस तासांत किती किलोमीटर वारा वाहून गेला तेही निघे.

आधी खिशातल्या नोंदवहीत, मग महिन्याच्या मोठ्या तक्त्यात आणि त्यातले निवडक तारेच्या संदेशात, असा तोच आकडा तीनदा लिहिला जाई. तारेत शब्द महाग, म्हणून सगळा मजकूर पाच-पाच अंकांच्या गटांत. १९४९ च्या सुमारास आंतरराष्ट्रीय संकेत बदलला आणि दिशा दहा-दहा अंशांच्या टप्प्यांत, वेग नॉटमध्ये लिहिण्याची पद्धत आली. समजा सकाळच्या तारेत ६२७०८ असा गट असला, तर त्याचा अर्थ असा: आकाशाचे आठपैकी सहा भाग ढगांनी झाकलेले, वारा २७० अंशांवरून म्हणजे पश्चिमेकडून, वेग ८ नॉट, म्हणजे ताशी पंधरा किलोमीटरच्या आसपास. उत्तरेचा वारा ३६ लिहायचा. ०० हा आकडा वारा अजिबात नसल्याच्या खुणेसाठी राखून ठेवलेला. एवढ्याशा युक्तीने ‘उत्तर’ आणि ‘शांत’ यांची गल्लत टळली.

तार पोचली की दुसऱ्या माणसाचे काम सुरू होई. हा नकाशे भरणारा कारकून. देशाच्या कोऱ्या नकाशावर प्रत्येक ठाण्याच्या जागी एक बारीक वर्तुळ छापलेले असे. वर्तुळापासून वारा येतो त्या दिशेला एक रेघ ओढायची आणि रेघेच्या टोकाला पिसे काढायची: आखूड पीस ५ नॉटचे, लांब पीस १० नॉटचे, भरीव त्रिकोण ५० चा. उत्तर गोलार्धात वाऱ्याकडे पाठ करून उभे राहिले तर कमी दाबाचा प्रदेश डाव्या हाताला येतो, हा डच शास्त्रज्ञ बाइस बॅलट यांचा १८५७ चा नियम. पिसेही रेघेच्या त्याच, कमी दाबाच्या बाजूला काढतात. सराईत डोळ्याला असा भरलेला नकाशा पाहताक्षणी समजे. आकडे न वाचताही अरबी समुद्रावरची पिसे कुठे दाट झाली, कुठल्या ठाण्याची रेघ कालपेक्षा वळली, हे दिसे. वाऱ्याला लिपी मिळाली असे म्हणायचे तर ती हीच.

ज्या ठिकाणी वेगमापक नव्हता किंवा बिघडला होता तिथे निरीक्षकाने डोळ्यांनी अंदाज करायचा. त्यासाठी ब्यूफर्टची श्रेणी होती, पण शिडांवरून ठरलेल्या आकड्यांचा मैदानात काय उपयोग? जमिनीवरच्या खुणा या श्रेणीला जोडण्याचे काम १९०६ मध्ये जॉर्ज सिम्प्सन यांनी केले. धूर सरळ वर जातो तो शून्य, पाने आणि बारीक डहाळ्या सतत हलतात तो तीन, छत्री सांभाळणे कठीण होते तो सहा. हेच सिम्प्सन त्याच वर्षी हिंदुस्थानच्या हवामान विभागात रुजू झाले आणि विभागाचे तेव्हाचे प्रमुख गिल्बर्ट वॉकर यांच्या हाताखाली शिमल्याला काही वर्षे राहिले. छत्रीची खूण इंग्लंडात बारमाही चालत असेल. मालेगावच्या निरीक्षकाला ती फार तर चार महिने उपयोगाची होती. उन्हाळ्यात त्याला धूळ आणि निंबाच्या फांद्या यांवरच भागवावे लागे.

डोळ्यांपेक्षा यंत्र खरे, हा विश्वासही काही काळ महागात पडला. वाट्यांचा वेगमापक आयर्लंडमधल्या आर्मा वेधशाळेच्या टी. आर. रॉबिन्सन यांनी १८४६ मध्ये रूढ केला. वाट्या वाऱ्याच्या एक तृतीयांश वेगाने फिरतात आणि हे प्रमाण वाट्या लहान असोत की मोठ्या, कायम राहते, असे त्यांचे गणित होते. म्हणून वाट्यांची गती तिप्पट करून वारा लिहिला जाऊ लागला. पुढच्या दशकांतल्या चाचण्यांत हा गुणक वाट्यांच्या आकारावर आणि दांड्यांच्या लांबीवर अवलंबून असल्याचे निघाले. मोठ्या प्रमाण यंत्रासाठी तो २.२ च्या आसपास भरला. याचा अर्थ ताशी २२ मैलांचा वारा वहीत ३० मैलांचा होऊन बसला होता, आणि तोही अनेक वर्षे, अनेक देशांत. निरीक्षकाने वाचन अचूक घेतले होते, बेरीज-वजाबाकी बरोबर होती, सहीसुद्धा होती. जुन्या नोंदी वापरणाऱ्याला म्हणूनच आधी यंत्र कोणते होते आणि गुणक कोणता धरला होता हे शोधावे लागते. वायुवेगाच्या इतिहासातला हा भाग कंटाळवाणा वाटला तरी तो वगळून पुढे जाणाऱ्यांनी वाऱ्यांविषयी बरेच चुकीचे लिहिले आहे.

दुसरा दोष हलक्या वाऱ्याचा. वाट्यांना फिरायला सुरुवात करण्यापुरता तरी वारा लागतो; त्याहून मंद झुळूक यंत्राच्या लेखी नसतेच. हिवाळ्यातल्या सकाळच्या नोंदींत ‘शांत’ हा शेरा वारंवार दिसतो, त्यातला काही भाग खऱ्या शांततेचा, काही यंत्राच्या बहिरेपणाचा. तिसरा दोष वेळेचा. एप्रिल-मे महिन्यांत दुपारी चारला आभाळ भरून येते, धुळीचा लोट उठतो, पत्रे उडतात आणि अर्ध्या तासात सगळे निवळते. साडेआठ आणि साडेपाचच्या तीन-तीन मिनिटांच्या वाचनात यातले काहीही येत नाही. त्यासाठी तक्त्यात शेऱ्याचा रकाना होता. वादळ किती वाजता आले, कोणत्या दिशेने, किती वेळ टिकले, गारा पडल्या का, हे निरीक्षकाने आपणहून लिहायचे. तो जागरूक असला तर रकाना भरे, नसला तर कोरा राही, आणि शंभर वर्षांनी त्या गावात त्या दिवशी वादळ झालेच नव्हते असे ठरे.

ही उणीव भरून काढणारे यंत्र विल्यम डाइन्स यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बनवले. त्यात वाट्या नव्हत्या. वाऱ्याकडे तोंड केलेल्या नळीत वारा शिरला की त्याच्या दाबाने पाण्याच्या टाकीतला तरंगता डबा वर-खाली होई आणि त्याला जोडलेले पेन फिरत्या रुळावरच्या कागदावर रेघ काढी. हा वारा स्वतःच लिहीत होता असे म्हणता येईल, आणि त्याचे अक्षर गिचमिड होते. वाट्यांनी दिलेल्या सरासरीत न दिसणारे झोत इथे उभ्या रेघांच्या जंगलासारखे उमटत. मोठ्या वेधशाळांत रोज कागद बदलणे, शाई घालणे, टाकीतल्या पाण्याची पातळी राखणे ही नवी कामे आली. मग कोणीतरी त्या जंगलातून तासातासाची सरासरी डोळ्यांनी काढून पुन्हा आकड्यांत लिहायची.

१९२८ मध्ये हवामान विभागाचे मुख्यालय शिमल्याहून पुण्याला आले. शिवाजीनगरच्या त्या दगडी इमारतीला पुणेकर आजही शिमला ऑफिस म्हणतात. १९४४ मध्ये मुख्यालय दिल्लीला गेले, तरी देशभरच्या नोंदवह्यांचे घर पुणेच राहिले. इथे येणाऱ्या मासिक तक्त्यांची छाननी होई. शेजारच्या दोन ठाण्यांवर पश्चिमेचा वारा असताना मधल्या ठाण्यावर पूर्वेचा दिसला, की बाण गंजून अडकला असावा असा संशय घेऊन पत्र जाई.

तोवर जमिनीवरचा वारा अपुरा पडू लागला होता. १५ ऑक्टोबर १९३२ रोजी जे. आर. डी. टाटा कराचीहून अहमदाबादमार्गे विमानाने टपाल घेऊन जुहूला उतरले. हवाई वाहतुकीला हजार-दोन हजार मीटरवर वारा कोणता आहे हे हवे होते. त्यासाठी आग्र्याच्या वेधशाळेत जे. एच. फील्ड यांच्या देखरेखीखाली सुरू झालेले फुग्यांचे तंत्र देशभर पसरले. हायड्रोजन भरलेला रबरी फुगा ठरावीक गतीने वर चढतो. एक निरीक्षक कोनमापक दुर्बिणीला डोळा लावून त्याचा माग काढतो, दुसरा दर मिनिटाला कोन लिहून घेतो, आणि त्रिकोणमितीने प्रत्येक उंचीवरचा वारा निघतो. रात्री फुग्याला कागदी कंदील बांधत. फुगा ढगात शिरला की नोंद संपली. परिणामी जून ते सप्टेंबर, ज्या महिन्यांतला वारा समजून घेण्यासाठी एवढा खटाटोप, त्याच महिन्यांची पाने सर्वांत आखूड. रेडिओ आणि रडारने फुग्याचा माग घेता येऊ लागल्यावर ही अडचण सुटली.

स्वातंत्र्यानंतर यंत्रांसाठी परदेशावर अवलंबून राहणे परवडणारे नव्हते. पुण्याच्या उपकरण विभागात १९४८ मध्ये आलेल्या अण्णा मणी यांनी सुमारे शंभर हवामान उपकरणांची रेखाचित्रे प्रमाणित करून ती देशात बनवण्याचे काम पुढे नेले. चुकीचे मोजण्यापेक्षा न मोजलेले बरे, असा त्यांचा बाणा होता. १९७६ मध्ये उपमहासंचालक म्हणून निवृत्त झाल्यावर त्यांनी वाऱ्याच्या जुन्या नोंदींकडे वेगळ्या नजरेने पाहिले. तेलाच्या किमती भडकल्या होत्या आणि पवनऊर्जेची चर्चा सुरू झाली होती. डी. ए. मुळे यांच्यासोबत त्यांनी केलेला भारतातील पवनऊर्जेच्या आकडेवारीचा ग्रंथ १९८३ मध्ये आला. मास्तर आणि टपाल कारकुनांनी दिवसातून दोनदा लिहिलेले आकडे आता वीज किती मिळेल याच्या हिशेबात गेले.

तिथे जुन्या लेखनातले दोष उघडे पडले. वाऱ्यातली ऊर्जा वेगाच्या घनाच्या प्रमाणात वाढते. वेग दहा टक्क्यांनी चुकला तर ऊर्जा सुमारे तीस टक्क्यांनी चुकते. शेतीच्या किंवा पावसाच्या अंदाजाला चालून जाणारी चूक पवनचक्कीला बुडवू शकते. त्यातच अनेक वेधशाळा स्थापन झाल्या तेव्हा उघड्या माळावर होत्या. पुढे भोवती झाडे वाढली, घरे झाली, गाव येऊन भिडले. यंत्र तेच, जागा तीच, वारा मात्र आडोशामुळे कमी नोंदला जाऊ लागला. जगभरच्या जमिनीवरच्या नोंदींत विसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकांत वेग उतरत गेलेला आणि २०१० नंतर पुन्हा थोडा चढलेला दिसतो. त्यात आडोसा वाढल्याचा वाटा किती आणि वातावरणातल्या खऱ्या बदलाचा किती, यावर शास्त्रज्ञांत अजून वाद आहे. मणी यांनी म्हणून जुन्या नोंदींवर न थांबता डोंगरमाथ्यांवर आणि पठारांवर स्वतंत्र खांब उभारून नवी मोजणी करायला लावली.

या मोजणीतून महाराष्ट्राचा वारा नव्याने लिहिला गेला. साताऱ्याजवळचे वनकुसवडे आणि चाळकेवाडीचे पठार १९९० च्या दशकात पवनचक्क्यांनी भरले. मालेगावच्या उत्तरेला धुळे जिल्ह्यातल्या साक्री तालुक्यात ब्राह्मणवेल परिसरात पुढे राज्यातल्या मोठ्या पवनऊर्जा प्रकल्पांपैकी एक उभा राहिला. गिरणेच्या खोऱ्यात पाऊस न देता निघून जाणारा तोच पावसाळी पश्चिम वारा शेजारच्या माळावर विजेचा कच्चा माल झाला.

शेतकऱ्यापर्यंत वाऱ्याची नोंद पोचली ती कांदा चाळीतून. मालेगाव, देवळा, सटाणा, कळवण हा उन्हाळ कांद्याचा पट्टा. मार्च-एप्रिलमध्ये काढलेला कांदा पावसाळाभर चाळीत ठेवायचा तर त्यातून हवा खेळती राहायला हवी. एक पाखी चाळ दक्षिणोत्तर बांधावी आणि दोन पाखी पूर्व-पश्चिम, ही कृषी खात्याची शिफारस वाऱ्याच्या दिशेवरून आलेली आहे. दक्षिणोत्तर चाळीची लांब बाजू पश्चिमेच्या वाऱ्याला सामोरी येते आणि वारा कांद्याच्या अरुंद थरातून आरपार जातो. बांधणारा गवंडी यामागचे तक्ते पाहत नाही. त्याला दिशा ठाऊक असते.

२००० नंतर लेखनिकाची जागा हळूहळू यंत्राने घेतली. स्वयंचलित हवामान केंद्रात खांबावरचा वेगमापक, दिशादर्शक, सौर पटल आणि आकडे पाठवणारी पेटी असते. दर काही मिनिटांनी नोंद जाते आणि साडेआठ-साडेपाचची मर्यादा उरत नाही. २०१७ पासून ‘महावेध’ प्रकल्पात राज्यभरच्या महसूल मंडळांत अशी दोन हजारांहून अधिक केंद्रे उभी राहिली. दुपारी चारचा झंझावात आता निसटत नाही, निदान तो केंद्रावरून गेला तर. यंत्र राखणाऱ्या माणसाचे काम मात्र संपलेले नाही: अडकलेला बाण, धुळीने जड झालेल्या वाट्या, केंद्राशेजारी उभी राहिलेली शेड, कुंपणावर चढलेला वेल या जुन्याच तक्रारी नव्या केंद्रांनाही आहेत.

फरक पडला तो नोंदीच्या किमतीत. हवामानावर आधारित फळपीक विम्यात जळगावच्या केळीसाठी वेगाचा वारा हा भरपाईचा एक निकष आहे. ठरलेल्या महिन्यांत केंद्रावर ठरलेल्या मर्यादेपेक्षा जास्त वेग नोंदला गेला तर बाग भरपाईच्या चौकटीत येते. वाऱ्याचा आकडा इतका थेट पैशात याआधी कधी उतरला नव्हता. मंडळाचे केंद्र एका गावात आणि आडवी झालेली बाग काही किलोमीटरवर दुसऱ्या गावात, असे घडते. उन्हाळी वादळाचा पट्टा काही वेळा काहीशे मीटरचाच असतो. अशा वेळी तलाठी आणि कृषी सहायक बांधावर जाऊन पंचनामा करतात. त्या पंचनाम्यात वाऱ्याचा वेग नसतो. गट क्रमांक, पीक आणि बाधित क्षेत्र लिहिले जाते.